नवरा-नवरीच्या मागे उभे असलेले

लग्नसराई सुरू झाली की वाडीतल्या अमरावती रोडवर दोन गोष्टी पुढे सरकत नाहीत: एक ट्रक, दुसरी वरात. नागपूर देशाच्या मध्यावर आणि वाडी नागपूरच्या पश्चिम वेशीवर. त्यामुळे कोलकात्याहून निघून सुरतेकडे जाणारा माल एकदा तरी आमच्याकडच्या गोदामात पाठ टेकतो. एका अंगाला आयुध निर्माणीची वसाहत, जिथे झाडंसुद्धा हजेरीला उभी केल्यासारखी रांगेत आहेत. दुसऱ्या अंगाला ट्रान्सपोर्टवाल्यांच्या पाट्या, आणि पार आठव्या मैलापर्यंत अधूनमधून लॉन, ज्यांवर गवत कमी आणि गालिचा जास्त. वरात रस्त्यावर येते, धुमाल वाजायला लागतो, मागे अडकलेला ट्रकवाला वैतागून हॉर्न दाबतो आणि वरातीतले एखादे मामाजी ती दाद समजून दुप्पट जोराने नाचतात. नवरदेव घोड्यावर बसून मोबाइल बघत असतो. घोड्याला रस्ता पाठ असतो.

यातलं काहीच अल्बममध्ये येत नाही, म्हणून इथे लिहून ठेवतो.

अल्बममध्ये काय यायचं ते ठरवणारं मंडळ वेगळं असतं. गेल्या उन्हाळ्यात माझ्या भाच्याचं लग्न वाडीच्याच एका लॉनवर झालं. लग्न लावायला गुरुजी एक आणि ते टिपायला पाच जण. त्यांच्यातही वर्णव्यवस्था होती. सर्वांत वर कॅन्डिडवाला. हा काळे कपडे घालतो, कोणाशी बोलत नाही आणि जेवतोसुद्धा तिरपा उभा राहून. त्याच्या खाली सिनेमॅटिकवाला, मग ड्रोनवाला, मग फक्त रीलसाठी आणलेला एक पोट्टा. आणि सगळ्यांच्या पायरीखाली ‘ट्रॅडिशनल’वाला. याच्या वाट्याला नातेवाईक. स्टेजवर आहेराची पाकिटं घेऊन येणारी ओळ, आजोबांची चाकाची खुर्ची, रडणारं बाळ, ‘आमचा एक वेगळा घ्या ना भाऊ’ म्हणणारं ऑफिसचं टोळकं, हे सगळं त्याने एकट्याने उपसायचं. पॅकेजमध्ये त्याचं नाव शेवटी येतं आणि पैसे कमी करायचे झाले की पहिला तोच कापला जातो.

कॅन्डिड म्हणजे माणसाचं लक्ष नसताना टिपलेलं चित्र. त्यासाठी तो आधी सूचना देतो. ‘वहिनी, तुमचं लक्ष नाहीये असं दाखवा. हां, आता हसा. मनापासून. हात थोडा खाली.’ वहिनींचं लक्ष नाहीये हे दाखवण्यावर त्यांचं इतकं लक्ष लागलेलं होतं की मंगलाष्टकं कधी संपली ते त्यांना कळलं नाही. गुरुजींनी ‘सावधान’ म्हटलं ते बहुधा याच कारणासाठी.

आता माझ्या मुद्द्याकडे येतो. मी मामा आहे. अंतरपाट धरला की नवऱ्याच्या मागे त्याचा मामा उभा राहतो आणि नवरीच्या मागे तिचा. हे स्थान मला आमदारकीसारखं निवडून येऊन मिळालेलं नाही, जन्मसिद्ध आहे. मी त्या दिवशी जांभळा फेटा बांधला होता, मिशीला थोडी शिस्त लावली होती आणि मे महिन्यातल्या नागपुरी उकाड्यात बंद गळ्याचा कोट घालून सरळ उभा होतो. दुसऱ्या दिवशी व्हॉट्सअ‍ॅपवर टीझर आला. त्यात भाचा होता, सूनबाई होती, तिच्या नथीतला एकेक मोती मोजता येत होता. आणि भाच्याच्या उजव्या कानामागे एक जांभळट गोळा होता. तो मी.

सिनेमॅटिकवाल्याला विचारलं तर तो कौतुकाने म्हणाला, ‘तो बोके आहे काकाजी. बॅकग्राउंड किती मस्त गेलं बघा.’ भाच्याची आई, म्हणजे माझी ताई, म्हणाली, ‘बोका तं मीही पाहिला. पनीरच्या काउंटरखाली होता.’

ही जादू कशी होते ते सिनेमॅटिकवाल्याने समजावून सांगितलं, आणि खरं सांगायचं तर ती समजल्यावर राग आणखी वाढला. ८५ मिलिमीटरची लेन्स घ्यायची, तिचा पडदा १.४ पर्यंत सताड उघडायचा, दोन मीटरवर माणूस उभा करायचा. मग जेमतेम साडेचार-पाच सेंटिमीटर जाडीचा एक पापुद्रा तेवढा स्पष्ट येतो. नथ दिसते, कान विरघळतो. कानाच्या मागे जे काही असेल, मग तो मामा असो, मांडव असो की मुलीकडचे दोनशे पाहुणे, त्यांचे रंगीत गोळे होतात. ज्यांना ही लेन्स परवडत नाही त्यांच्यासाठी २०१६ साली आयफोन ७ प्लसने ‘पोर्ट्रेट मोड’ आणला आणि ते काम हिशेबाने करायला सुरुवात केली. तिथे खरं धूसर काही नसतंच. माणूस कुठे संपतो आणि जग कुठे सुरू होतं, याचा फोन अंदाज बांधतो आणि उरलेलं पुसून टाकतो. अंदाज चुकला की फेट्याचा तुरा जातो, अंबाड्याचा अर्धा गजरा जातो. आमच्या शेजारच्या काकूंचा तर एक हातच गेला, आणि तोच बांगड्यांचा होता.

पूर्वी हे का होत नव्हतं? पूर्वीचे फोटोग्राफर सज्जन होते असं माझं म्हणणं नाही. त्यांच्याकडे रोल कमी होता. १२० नंबरच्या रोलवर चौरस फोटो निघत बारा. पुढे ३५ मिलिमीटरचा रोल आला तेव्हा छत्तीस. बारा फोटोंत अख्खं लग्न बसवायचं म्हटल्यावर प्रत्येक फोटोत किमान पन्नास माणसं कोंबावीच लागत. माझ्या आजीच्या लग्नाचा एकच फोटो आहे. पुढे सतरंजीवर पोरं, मधे खुर्च्यांवर म्हातारी मंडळी, मागे बाकावर चढलेले पुरुष, आणि खिडकीच्या गजाआडून डोकावणाऱ्या, फोटोत यायला परवानगी नसलेल्या तीन बायका. आजी-आजोबा मधोमध आहेत. दोघंही कोणाची तरी उसनवारी फेडायची असल्यागत बसलेले. पण घरात जेव्हा जेव्हा हा फोटो खाली उतरतो तेव्हा त्या दोघांकडे कोणी दोन सेकंद पाहत असेल तर शपथ. बोट लगेच कडेला सरकतं. ‘हा कोण? हाच का तो नंतर इटारसीला पळून गेलेला?’ ‘या पोराच्या हातात काय आहे?’ ‘ही टोपीवाली तिरपी नजर कोणाकडे आहे?’ त्या खिडकीतल्या तीन बायकांवर आमच्याकडे दोन वेळा भांडणं झाली आहेत, कारण दोन काकूंच्या मते मधली बाई आपलीच आजी.

आणि हा फोटो टिकलाही आहे. काळ्या-पांढऱ्या छायाचित्रात प्रतिमा चांदीच्या कणांची असते. नीट धुतलेली असेल तर पिढ्या काढते. रंगीत छपाईत चांदी निघून जाते आणि रंगद्रव्य उरतं. सत्तर-ऐंशीच्या दशकातल्या कागदावर त्यातलं निळसर द्रव्य सगळ्यांत आधी हाय खातं, मग लाल तेवढा राहतो. त्यामुळे आमच्याकडे आजीच्या लग्नातले लोक अजून ताजेतवाने दिसतात आणि आत्याच्या लग्नातले सगळे रागाने लाल झालेले. आत्याच्या लग्नात मानपानावरून खरंच बरंच काही झालं होतं म्हणतात. कागदाने बाजू घेतली आहे.

पण लाल असला तरी आत्याच्या अल्बममध्ये कूलर आहे. नागपूरच्या लग्नाचा इतिहास ज्याला लिहायचा असेल त्याने कूलर वगळून लिहू नये. माणसाच्या छातीएवढा पत्र्याचा, वाळ्याच्या ताट्या लावलेला, अंगावर मंडप डेकोरेशनवाल्याचं नाव रंगवलेला. त्या अल्बमच्या प्रत्येक पानावर तो कुठे ना कुठे आहे, आणि त्याच्या समोरची खुर्ची ज्याने धरली होती तो माणूस पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत हललेला नाही. मुलीकडचा की मुलाकडचा ते आजतागायत ठरलेलं नाही. केस मात्र प्रत्येक फोटोत मागे उडालेले आहेत.

ताईच्या लग्नापर्यंत व्हिडिओ कॅसेट आली. त्या काळच्या व्हिडिओवाल्यांची आपण फार चेष्टा केली. केळीच्या पानातून उमलणारे नवरा-नवरी, बदामात फिरणारा सासरा, ताजमहालावर उतरणारी वरमाई, हे चेष्टेचंच होतं. पण त्या माणसाने एक थोर काम केलं, ते म्हणजे जेवणाच्या पंगतीचं. डोळे दिपवणारा हॅलोजन दिवा घेऊन त्याचा मदतनीस पुढे, तो मागे, आणि पंगतीच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत एकही पान न सोडता त्याने कॅमेरा फिरवला. प्रत्येक पाहुणा दिवा अंगावर आला की थांबतो. बुंदी अर्ध्या वाटेत, तोंड उघडं, एक डोळा मिटलेला. पुढचा जेवण सोडून केस सावरतो. एक आजोबा मठ्ठ्याची वाटी उचलून कॅमेऱ्याला अभिवादन करतात. गावातली, नात्यातली, ऑफिसातली झाडून सगळी माणसं त्या पट्ट्यात नोंदली गेली आहेत. आज ती बघायची सोय नाही. व्हीसीआर बनवणारी जगातली शेवटची कंपनी, जपानची फुनाई, २०१६ च्या जुलैमध्ये थांबली. ताईच्या कपाटात कॅसेट आहे, तिच्यावर बुरशी आहे आणि बुरशीखाली दोनशे माणसं वांग्याची भाजी खात बसलेली आहेत.

भाच्याच्या लग्नाच्या तीन मिनिटांच्या टीझरमध्ये जेवणाचा एकच क्षण आहे. एक जिलेबी पाकातून वर येते. सावकाश. ती कोणी खाल्ली ते दाखवलेलं नाही.

तरी मागचं सगळं नीट दाखवायची आपल्याकडे उत्तम परंपरा होती, आणि तिची साक्ष लंडनात आहे. अल्बमला चार महिने उशीर झाला म्हणून फोटोग्राफरला फोन करकरून भंडावणाऱ्यांनी ही हकिकत जरूर वाचावी. १७९० साली टिपू सुलतानाविरुद्ध पेशवे आणि इंग्रज यांच्यात पुण्याला तह झाला. शनिवारवाड्यात दरबार भरला. गादीवर सोळा वर्षांचे सवाई माधवराव, कारभाराला नाना फडणवीस आणि इंग्रजांकडून रेसिडेंट चार्ल्स मॅलेट. समारंभ थाटात झाला. या दिवसाचं झकास चित्र व्हावं, अशी साहेबाची हौस. चित्रकार जेम्स वेल्स स्कॉटलंडचा. तो मुंबईत उतरला १७९१ मध्ये आणि पुण्याला पोचला १७९२ मध्ये. म्हणजे ज्या दिवसाचं चित्र काढायचं तो दिवस होऊन तोवर दोन वर्षं झालेली. कार्यक्रम उरकल्यावर फोटोग्राफर ठरवणारं मॅलेट हे पहिलंच गिऱ्हाईक नसेल, पण इतकं उशिरा आजही कोणी ठरवत नाही.

वेल्सने मग जे फोटोग्राफर करतात तेच केलं. झालेला समारंभ पुन्हा जुळवला. एकेकाला बसवून चेहरे उतरवले, दरबाराची रेखाटनं केली. ‘नाना, लक्ष नाहीये असं दाखवा’ असं तो म्हणाला नसावा. नानांचं लक्ष नाही हे कोणी खरं मानलं नसतं. काम चालू राहिलं. १७९५ च्या ऑक्टोबरात सवाई माधवराव गेले. पुढच्याच महिन्यात वेल्स गेला. १८०० साली नाना गेले. रेखाटनं पोचली लंडनला, थॉमस डॅनियल या दुसऱ्या चित्रकाराकडे, आणि त्याने ते प्रचंड तैलचित्र पुरं केलं १८०५ मध्ये. तोवर पेशव्यांच्या गादीवर दुसरा बाजीराव, आणि त्याने वसईला इंग्रजांशी भलताच तह केलेला. एकूण पंधरा वर्षांनी अल्बम आला तेव्हा यजमान नाही, कारभारी नाही, फोटोग्राफरही नाही. हयात होतं ते फक्त गिऱ्हाईक. आणि गिऱ्हाइकाने मधल्या काळात, १७९९ मध्ये, फोटोग्राफरच्या मुलीशी, सुझाना वेल्सशी, लग्न करून टाकलं होतं. त्या लग्नाचा अल्बम कोणाकडे दिला होता ते मी शोधतो आहे.

चित्र आता टेट संग्रहालयाकडे आहे. त्यातल्या तहाची कलमं आज पुण्यातही कोणाला पाठ नसतील. जाणकार त्या चित्रात बघतात ते मागचं. गणेश रंगमहालाचे कोरीव खांब, कमानी, पार मागच्या भिंतीतला गणपती. कारण १८२८ साली शनिवारवाडा आतून जळून गेला, आणि तो महाल दिसायचा कसा याचा भरवशाचा पुरावा म्हणजे डॅनियलने कंटाळा न करता रंगवलेली ही पार्श्वभूमी. त्याच्याकडे ८५ मिलिमीटरची लेन्स असती तर इतिहासाला मॅलेटचं नाक मिळालं असतं आणि मागे तांबूस-सोनेरी गोळे. त्यातला कोणता खांब आणि कोणता सरदार यावर पुण्यात दोन मंडळं स्थापन झाली असती.

युरोपातही तीच गत. यान व्हॅन आयक याने १४३४ साली आर्नोल्फिनी या व्यापाऱ्याचं आणि त्याच्या बायकोचं चित्र काढलं. ते लंडनच्याच नॅशनल गॅलरीत आहे. १९३४ साली एर्विन पॅनोफ्स्की या विद्वानाने ते म्हणजे विवाहाचा दाखलाच आहे असं मांडलं. तेव्हापासून हे लग्न आहे, वाङ्‌निश्चय आहे की नुसतंच घरी बसल्यावर काढलेलं चित्र, यावर विद्वानांचा वाद मिटलेला नाही. पण सामान्य माणूस ते जोडपं ओलांडून थेट मागच्या भिंतीवरच्या फुगीर आरशात डोकावतो. आरशात दाराशी उभी असलेली दोन माणसं इवलीशी दिसतात. वर भिंतीवर चित्रकाराने लिहून ठेवलं आहे की यान व्हॅन आयक इथे होता. आपल्या फोटोंच्या कोपऱ्यात स्टुडिओचं नाव असतं ते इतकं जुनं आहे. ती दारातली दोन माणसं कोण, याबद्दलही तर्क बरेच आहेत. माझा तर्क असा की एक मुलाचा मामा आणि एक मुलीचा.

वारली बायकांनी मात्र हा घोळ कधी होऊच दिला नाही. पालघर-डहाणूकडे लग्नघरी सुवासिनी भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक लिहितात. चौकात पालघट देवी, आणि तो लिहिल्याशिवाय लग्न लागत नाही. म्हणजे तिथे चित्र लग्नाची आठवण म्हणून काढत नाहीत. लग्नच चित्राची वाट बघत थांबतं. चौकाच्या भोवती सगळं रान: ताडावर चढलेला माणूस, तारपा वाजवणारा, हातात हात घालून नाचणाऱ्यांचं वेटोळं, कोंबड्या, भात कांडणाऱ्या बाया. सगळे सारख्याच बारकाईने. पुढचं कोण, मागचं कोण, हा भेदच नाही. नवरा-नवरी घोड्यावर एका बाजूला असतात, ती शोधून काढावी लागतात. जिव्या सोमा मशे यांनी बायकांच्या हातातली ही कला भिंतीवरून कागदावर आणली, ती जगभर गेली, २०११ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. आता वारली नक्षी आमच्या लॉनच्या कंपाउंडवरही आहे. भाचा-सूनबाईंनी तिच्यासमोर उभं राहून फोटो काढला. नाचणारे धूसर आलेत.

हल्ली ज्यांच्याकडे पैसा जरा बरा आहे त्यांच्या लग्नात ‘लाइव्ह पेंटर’ही बसतो. स्टेजसमोर कॅनव्हास लावायचा आणि अक्षता पडेपर्यंत नवरा-नवरी उतरवायची. ही कल्पना मला आवडली होती, कारण हाताने काढायचं तर मामा काढायला वेगळी लेन्स लागत नाही. चौकशी केली. चेहरे वाढले की दर वाढतो. भाऊजींनी माझ्याकडे एकदा पाहिलं, दराकडे एकदा पाहिलं आणि विषय वरमालेकडे वळवला.

वरमाला रेझिनमध्ये ओतून जपण्याची नवी कला आहे. फुलं वाळवायची, पारदर्शक रेझिनच्या लादीत गाडायची, खाली सोनेरी अक्षरात तारीख. आमच्याकडे ती दिवाणखान्याच्या खिडकीत उभी केली आहे. इपॉक्सी रेझिन उन्हाने पिवळं पडतं, आणि आमचं ऊन म्हणजे २३ मे २०१३ ला ४७.९ अंशांपर्यंत गेलेलं. ती लादी दर महिन्याला थोडी थोडी चिक्कीच्या रंगाकडे चालली आहे. जपायची एवढी धडपड आम्हा नागपूरकरांना शोभत नाही, असं माझं मत आहे. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आम्ही काळ्या मारबतीचा पुतळा मिरवतो तो १८८१ पासून, पिवळीचा १८८५ पासून. कारागीर राबून एवढाली बाई उभी करतात, सोबत चालू घडामोडींवरचे पुतळे, म्हणजे बडगे, निघतात, सारं शहर महाल भागात लोटतं, आणि मिरवणूक संपली की तिला जाळून मोकळे होतो. एकही मारबत कोणी काचेत घालून ठेवलेली नाही. तरी ती कशी दिसते हे नागपुरात कोणाला विचारावं लागत नाही.

खरी टिकाऊ कला आपल्या फळीवर पालथी पडलेली असते आणि तिला कोणी कला म्हणत नाही. मी भांड्यांवरच्या नावांबद्दल बोलतोय. पूर्वी पितळेच्या भांड्यावर खिळा आणि हातोडीने टिंबं टिंबं ठोकून नाव टाकत. मग स्टील आलं आणि दुकानात ते विजेवर टिर्र करणारं यंत्र आलं. ‘सौ. व श्री. अमुक तमुक यांजकडून सप्रेम भेट’, खाली तारीख. त्या मजकुरात नवरा-नवरीचं नाव बहुधा आखूड असतं, कधी नसतंच. देणाऱ्याचं मात्र पूर्ण, वडिलांच्या नावासकट, जागा उरली तर गावासकट. हेतू प्रेमाचा आहेच, पण थोडा संशयाचाही. मिळालेलं भांडं पुढच्या लग्नात तसंच्या तसं सरकवायची आपली थोर प्रथा आहे, आणि नाव कोरलेलं भांडं सरकवता येत नाही. एवढ्या अविश्वासातून निर्माण झाली म्हणूनच ही कला टिकली. आमच्या घरात कोणाचं लग्न कधी झालं हे अल्बममधून कधी ठरत नाही. वाद पडला की ताई उठते, मांडणीवरून एखादा गंज खाली काढते, चष्मा लावते आणि तारीख वाचते. आत्याच्या लग्नात मानपानावरून रुसलेले गृहस्थ शेवटी आले होते की नाही, याचाही निकाल एका गडव्याने लावला. आले होते. गडवा हलका आहे.

आता पत्रिकेवरच छापतात, कृपया आहेर आणू नये. त्यामुळे पुढच्या पिढीकडे पुरावा म्हणून जे काही राहणार ते पेन ड्राइव्हवर. तो आला तेव्हा त्यात काही हजार फोटो होते आणि ते निवडायला आम्ही सगळे ताईकडे जमलो. कॅन्डिडवाला स्वतः लॅपटॉप घेऊन आला, कारण आमच्या निवडीवर त्याचा भरवसा नव्हता. सुरुवातीला सगळे गुणगुणत होते. हळूहळू घर शांत होत गेलं. ताई एकदम म्हणाली, ‘काहून रे, माझ्या सासूबाई कुठं गेल्या याच्यात?’

‘आहेत ना काकू. हे काय, हिरवं दिसून राहिलं ते.’

‘आणि जावई?’

‘ते पांढरं.’

‘पांढरं तं दोन आहे.’

‘एक वॉश बेसिन आहे काकू.’

भाऊजी मागून म्हणाले की जावयांना हे कळवू नका.

मग त्या पोराच्या हातून एक फोटो भर्रकन पुढे गेला. ताईने त्याला मागे यायला लावलं. त्या फोटोत कॅमेऱ्याचा फोकस ऐन वेळी हुकला होता आणि नवरा-नवरीला सोडून पार मागे जाऊन बसला होता. पुढे भाचा आणि सूनबाई दोन गुलाबी ढग. मागे मात्र सगळं लखलखीत: डोक्यावर ओला रुमाल घेऊन कूलरसमोर बसलेल्या ताईच्या सासूबाई, पाणीपुरीच्या ठेल्यावर तोंडाचा आ करून उभ्या दोन काकू, केटररशी ताटांच्या हिशेबावरून हातवारे करणारे भाऊजी, टेबलाखाली चपला लपवणाऱ्या करवल्या, जावई आणि त्यांच्या बाजूला वॉश बेसिन, दोघंही वेगवेगळे ओळखू येत होते. आणि एका कडेला जांभळ्या फेट्यात, बंद गळ्याच्या कोटात, जांभई देणारा मी. मिशीसकट.

‘हा मोठा करा,’ ताई म्हणाली. ‘हॉलमध्ये लावायचा.’

कॅन्डिडवाला दुखावला. ‘काकू, हा तं मी डिलीट मारणार होतो. याच्यात नवरा-नवरीच ब्लर आहे.’

‘असू दे बाप्पा,’ ताई म्हणाली. ‘ते तं घरीच असतात.’